उठून गेलेले गाव

मराठीतले 'उठणे' हे क्रियापद मोठे करामती आहे. माणूस सकाळी उठतो हे समजण्यासारखे आहे. पण आपल्याकडे बाजार उठतो, पंगत उठते, कागदावर शिक्का उठतो, गावात अफवा उठते आणि उत्तरपत्रिका तपासता तपासता मराठीच्या प्राध्यापकाचे डोकेही उठते. एकदा वर्गात वाक्प्रचार शिकवताना मी फळ्यावर 'गाव उठणे' असे लिहिले आणि अर्थ सांगितला : प्लेगाने, दुष्काळाने किंवा अशाच एखाद्या संकटाने वस्ती ओसाड पडणे. मागच्या बाकावरून एका मुलीने विचारले, "सर, उठून जातात ती माणसे. गाव तर जागच्या जागीच असते. मग गाव उठले असे का म्हणायचे?"

वर्ग हसला. मी मात्र निरुत्तर झालो आणि असा प्रसंग आला म्हणजे आमचा सारा व्यवसाय जे करतो तेच केले. "प्रश्न चांगला आहे, पुढच्या तासाला पाहू," असे म्हणालो आणि पुढच्या तासाला वृत्ते शिकवायला घेतली.

वाचकहो, त्या मुलीच्या प्रश्नाचे उत्तर मला फार दूरवरून मिळाले. ते स्वित्झर्लंडमधल्या एका आडबाजूच्या दरीत होते. आज तीच हकीकत सांगणार आहे.

माझ्या थोरल्या बहिणीचा मुलगा नोकरीनिमित्त बर्नला असतो. २०२३ च्या जूनमध्ये त्याच्या आग्रहावरून आम्ही उभयता तिकडे गेलो. सौभाग्यवतींच्या मनात सिनेमात दिसतात ती बर्फाची शिखरे आणि चॉकलेटची दुकाने होती. भाचा म्हणाला, "मामी, ती तर सगळेच बघतात. मी तुम्हांला लोचेनताल दाखवतो."

"तिथे काय आहे?"

"एक नदी, चार खेडी आणि गाई."

सौ.नी माझ्याकडे पाहिले. त्या पाहण्याचा अर्थ असा होता, की खेडी आणि गाईच पाहायच्या होत्या तर विमानाच्या तिकिटाला इतके पैसे का घातले? पण भाच्याचा हिरमोड करणे तिच्या जिवावर आले आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही आगगाडीत बसलो.

लोचेनताल म्हणजे लोचेनची दरी. जर्मन भाषेत 'ताल' म्हणजे दरी. स्वित्झर्लंडच्या दक्षिणेला वालिस नावाचा प्रांत आहे. त्यातून ऱ्होन नदी वाहते. तिच्या उत्तरेच्या डोंगररांगेत ही सुमारे २७ किलोमीटर लांबीची दरी शिरलेली आहे. वरच्या टोकाला हिमनदी, खालच्या टोकाला अरुंद घळ आणि दोन्ही बाजूंना तीन-तीन हजार मीटरच्या वर गेलेले कडे. मधून लोंझा नदी धावते. नदीच्या काठाने फेर्डेन, किपेल, व्हिलर आणि ब्लाटेन ही चार गावे. सगळी मिळून लोकवस्ती दीड हजाराच्या आसपास. म्हणजे आमच्या कॉलेजचा पट याहून मोठा आहे.

शतकानुशतके या दरीत शिरायला धड वाट नव्हती. खालच्या घळीतून खेचरांची पायवाट होती. पण हिवाळ्यात त्या घळीत बर्फाचे कडे कोसळत, आणि मग महिनेच्या महिने दरीचे दार बंद. तिथल्या माणसांना जगाची गरज नव्हती असे नव्हे. जगापर्यंत पोचण्याची सोय नव्हती. आपण पुष्कळदा या दोन गोष्टींत गल्लत करतो आणि दुसऱ्याच्या अडचणीला त्याचा साधेपणा म्हणून टाळ्या वाजवतो.

हे दार उघडले ते आगगाडीने. ज्या लोच्बर्ग बोगद्यातून आम्ही गेलो, तो १९०६ ते १९१३ या काळात खोदला गेला. भाच्याने गाडीत त्याची कथा सांगितली आणि सौ.नी हातातला बटाटेवडा तसाच डब्यात ठेवला. २९ फेब्रुवारी १९०८ च्या रात्री दरीच्या तोंडाशी, गोपेनश्टाइन इथे, कामगारांच्या वसाहतीवर हिमलोट कोसळला. बारा माणसे गेली. त्याच वर्षी २४ जुलैला, पलीकडल्या बाजूने खोदत येताना, सुरुंगाने बोगद्याचे छत फुटले. वर कठीण खडक आहे असा हिशेब होता. प्रत्यक्षात वरच्या गास्टर्न नावाच्या दरीचा पाण्याने भिजलेला गाळ होता. तो सारा आत घुसला. पंचवीस कामगार, बहुतेक इटालियन, एका क्षणात गाडले गेले. तो भाग भिंत घालून कायमचा बंद केला आणि बोगदा वळसा घालून पुढे नेला. म्हणून आज सरळ असायचा तो बोगदा वाकडा आहे आणि ठरल्यापेक्षा लांब, साडेचौदा किलोमीटरांहून अधिक आहे. डोंगराने पहिल्याच भेटीत बजावले होते, की माझा हिशेब तुमच्या कागदावर मांडू नका.

गोपेनश्टाइनला उतरून पिवळ्या टपाल-बसने आम्ही दरीत शिरलो. घळ संपली आणि दरी एकदम उघडली. उजव्या हाताला बीचहॉर्न, ३९३४ मीटर उंचीचे शिखर. १८५९ साली यावर पहिल्यांदा चढले ते लेस्ली स्टीफन, इंग्रजी कादंबरीकार व्हर्जिनिया वुल्फ यांचे वडील. ही माहिती मी मोठ्या उत्साहाने सौ.ला दिली. ती म्हणाली, "अहो, ते चढले असतील. तुम्ही खिडकीची काच वर करा, वारा लागतो आहे."

शेवटचे गाव ब्लाटेन. उंची १५४० मीटर. उन्हापावसाने काळवंडलेली लाकडी घरे एकमेकांना खेटून उभी. मधे दगडी पायांवर उचललेली धान्याची कोठारे. पाय आणि कोठार यांच्यामध्ये एकेक गोल चपटी दगडी तबकडी. उंदीर खांबावरून वर चढतो, पण तबकडीच्या कडेवरून उलटे लटकून पलीकडे जाणे त्याला जमत नाही. सौ. या तबकड्यांपाशी बराच वेळ उभी राहिली. शिखरापेक्षा तिला त्या अधिक पटल्या.

घरांच्या दर्शनी तुळयांवर अक्षरे कोरलेली होती. ज्याने घर बांधले त्याचे नाव, साल आणि देवाची प्रार्थना. एका घरापुढे आम्ही साल वाचत होतो. सतराशेच्या घरातले होते. तेवढ्यात दार उघडून एक आजीबाई बाहेर आल्या. भाच्याचे जर्मन आणि त्यांची डोंगरी बोली यांचे सूत जमायला थोडा वेळ लागला. पण जमले, आणि आम्हांला आत बोलावणे झाले. काळ्या पावाचे पातळ काप, चीज आणि दूध समोर आले. राईचा तो पाव इतका घट्ट, की मी नुकत्याच बसवलेल्या दाढेच्या काळजीने तो दुधात बुडवला. आजीबाई हसल्या.

त्यांच्या हसण्याला इतिहासाचा आधार होता. १९३१ आणि १९३२ साली वेस्टन प्राइस नावाचे एक अमेरिकन दंतवैद्य या दरीत येऊन गेले. त्यांनी मुलांचे दात तपासले आणि त्यांना किडलेला दात शोधून शोधून सापडेना. १९३९ साली त्यांनी आपल्या पुस्तकात लिहिले, की या दरीत ना डॉक्टर, ना दंतवैद्य, ना पोलीस. कारण यांपैकी कोणाची फारशी गरजच पडत नाही. राईचा पाव, गाईचे दूध, चीज आणि आठवड्यातून एकदा मांस एवढ्यावर ही माणसे धट्टीकट्टी आहेत. जिथे सडक पोचली आणि तिच्यावरून मैदा नि साखर आली, तिथे दात बिघडले, असा त्यांचा निष्कर्ष. प्राइससाहेब दरीच्या थोडे प्रेमात पडले होते हे उघड आहे. पण राईच्या पावाबद्दल मी त्यांच्याशी वाद घालणार नाही; माझी दाढ त्यांच्या बाजूने साक्ष देईल.

आजीबाईंनी पूर्वीची रीत सांगितली. 'आल्प' म्हणजे आपण डोंगर समजतो. तिथल्या माणसाला आल्प म्हणजे डोंगरावरचे कुरण. उन्हाळा लागला, की बायका गुरे घेऊन कुरणांवरच्या झोपड्यांत राहायला जात आणि तिथेच चीज करत. पुरुष खाली गवत कापत. ते गवत हिवाळाभर पुरले पाहिजे. ज्याचे गवत कमी पडले त्याची गाय गेली आणि गाय गेली की घर गेले. त्यामुळे इथे शेजाऱ्याशी वाकडे घेऊन भागत नसे. कुरणे सामाईक, पाटाच्या पाण्याच्या पाळ्या ठरलेल्या, पावाची भट्टीही गावाची. फेर्डेन गावात तर ईस्टरच्या दुसऱ्या दिवशी चीज, पाव आणि द्राक्षमद्य वाटण्याची चाल आहे. कुरणावरच्या काही ठरावीक दिवसांचे दूध या वाटपाच्या चीजसाठी बाजूला काढायचे, हा नेम. त्या कुरणांना भुताखेतांची बाधा होती, ती टळावी म्हणून पूर्वजांनी हा नवस केला, असे सांगतात. भीतीतून दानधर्म निघावा ही युक्ती मला फार शहाणपणाची वाटली.

भुतांचा विषय निघाला तेव्हा आजीबाईंनी भिंतीवर बोट दाखवले. तिथे एक लाकडी मुखवटा होता. वाकडे तोंड, बाहेर आलेले दात, खोबणीत गेलेले डोळे. हा 'चेग्गेट्टे'चा मुखवटा. फेब्रुवारीच्या सुरुवातीपासून उपवासाचा काळ लागेपर्यंत दरीतली पोरे असले मुखवटे चढवून, अंगावर मेंढ्या-बकऱ्यांची कातडी पांघरून, कमरेला गाईची घंटा बांधून संध्याकाळी हिंडतात आणि वाटेत सापडेल त्याला बर्फाने चोळतात. पूर्वी हा हक्क फक्त अविवाहित मुलांचा होता. पाद्र्यांना ही चाल मुळीच पसंत नव्हती. पण हिवाळाभर कोंडलेल्या तरुणांपुढे धर्मगुरूंचेही फार चालत नाही. सौ. मुखवट्याकडे पाहून म्हणाली, "आपल्या जव्हारकडच्या बोहाड्यातलं सोंग वाटतं." भाच्याने ते जर्मनमध्ये कसे सांगितले कोण जाणे, पण आजीबाईंनी आणखी चीज वाढले.

या गरीब दरीतली मुले एके काळी परक्या राजांच्या पदरी भाडोत्री शिपाई म्हणून लढली. त्याची खूण अजून शिल्लक आहे. जून महिन्यातल्या धार्मिक मिरवणुकीत गावचे पुरुष त्या जुन्या पलटणींचे तांबडे कोट आणि उंच केसाळ टोप घालून चालतात. त्यांना देवाचे शिपाई म्हणतात. पोटासाठी परक्याचा घातलेला गणवेश पुढे देवाच्या सेवेला लावला. आणि जी नदी चार खेड्यांपलीकडे कोणाला ठाऊक नव्हती, तिच्या पाण्यावर वीज करण्यासाठी १८९७ साली एक कंपनी निघाली. तिने नदीचेच नाव घेतले. तीच आजची जगभर पसरलेली लोंझा कंपनी. करोनाच्या साथीत मॉडर्नाच्या लशीतला मुख्य घटक तिनेच तयार केला.

निघताना आजीबाईंनी भाच्याला विचारले, "यांच्याकडे डोंगर आहेत का?" मी म्हणालो, "आहेत. सह्याद्री." त्या म्हणाल्या, "मग यांना सांगायला नको. डोंगर आपला शेजारी असतो, पण नातेवाईक नसतो."

हे वाक्य मी वहीत लिहून घेतले. तेव्हा ते नुसते सुभाषित वाटले होते.

वालिसमधल्या माणसांचे आणि हिमनद्यांचे नाते फार जुने आहे. लोचेनतालच्या वरच्या खिंडीपलीकडे आलेच ही आल्प्समधली सर्वांत मोठी हिमनदी आहे. तिच्या खालच्या अंगाच्या फीश गावच्या लोकांनी १६७८ साली नवस केला होता, की आम्ही सदाचाराने राहू, पण ही हिमनदी पुढे सरकून आमच्या गावावर येऊ नये. पिढ्यान्पिढ्या ही प्रार्थना चालली. अखेर हिमनदी इतकी आक्रसू लागली, की लोकांनी पोपकडे अर्ज केला : आमच्या प्रार्थनेचा अर्थ उलटा करण्याची परवानगी द्या. २०१० साली ती मिळाली. आता ते लोक हिमनदी वाढावी म्हणून देवाला आळवतात. २०२२ आणि २०२३ या दोनच वर्षांत स्वित्झर्लंडमधल्या हिमनद्यांचे दहा टक्के बर्फ वितळले, हे लक्षात घेतले म्हणजे त्या अर्जाचे हसू येत नाही.

उंच डोंगरांच्या फटींतले गोठलेले पाणी खडकांना चुन्यासारखे सांधून धरते. ऊब वाढली, की तो सांधा ढिला होतो. ब्लाटेनच्या माथ्यावर, बीचहॉर्नच्या शेजारी, छोटे नेस्टहॉर्न नावाचे शिखर आहे. त्याच्या पायथ्याशी बिर्च नावाची हिमनदी होती. २०२५ च्या मे महिन्यात ते शिखर ढासळू लागले आणि त्याचे दगड या हिमनदीच्या पाठीवर साठत गेले. एका शिखराचा या कोसळण्यात हवामानाचा वाटा नेमका किती, यावर शास्त्रज्ञ सावधपणे बोलतात. पण गोठलेले डोंगर सैल होत आहेत याबद्दल त्यांच्यात दुमत नाही. ओझ्याने हिमनदी खाली सरकू लागली. माणसे दुर्बिणी आणि यंत्रे लावून तिचा वेग मोजत बसली. १९ मे रोजी हुकूम झाला : साऱ्यांनी गाव सोडावे.

तीनशे माणसे निघाली. हाताला लागले ते घेतले. गाई-मेंढ्या हलवल्या. एका जखमी गाईला तर हेलिकॉप्टरला टांगून नेले. त्यानंतर नऊ दिवस गाव रिकामे उभे होते.

२८ मे रोजी दुपारी साडेतीनच्या सुमारास हिमनदी सुटली. बर्फ, चिखल आणि खडक मिळून सुमारे ९० लाख घनमीटरांचा लोट खाली आला. भूकंपमापकांवर त्याची नोंद झाली. गावाचा सुमारे नव्वद टक्के भाग मिनिटाभरात गाडला गेला. लोंझा नदी अडली, तिचे तळे झाले आणि जी थोडी घरे वाचली होती त्यांतली बहुतेक त्या तळ्यात बुडाली. त्या भागात असलेले ६४ वर्षांचे एक मेंढपाळ गृहस्थ तेवढे सापडले; बाकी सारी माणसे जिवंत होती.

भाच्याचा फोन आला तेव्हा आम्ही जेवायला बसलो होतो. "मामा, ते घर गेलं." कोणते घर हे त्याने सांगितले नाही आणि आम्हीही विचारले नाही. सौ. ताटावरून उठली. थोड्या वेळाने आतून म्हणाली, "त्या उंदरांच्या तबकड्याही गेल्या असतील."

त्या रात्री मला माझ्या आईच्या आईची आठवण झाली. तिचे गाव कोयनेच्या काठी होते. १९६० च्या दशकात धरण झाले आणि गाव शिवसागराच्या पाण्याखाली गेले. तेव्हाही गावकऱ्यांना आधी सांगितले होते, तेव्हाही माणसे वेळेवर निघाली. आजीने डोक्यावरून एक जाते आणले होते. लहानपणी मी तिला म्हणे, "आजी, तुमच्या गावात कुणीच मेलं नाही ना? मग गाव वाचलं की!" ती म्हणायची, "माणसं वाचली रे. गाव नाही वाचलं." तिचा शेजार तीन जिल्ह्यांत पांगला होता. एकाच विहिरीवर पाणी भरणाऱ्या बायका पुन्हा एकमेकींना दिसल्या नाहीत. लग्नाला कोणी नाही, मयताला कोणी नाही. ती कुठल्याशा सरकारी वसाहतीत चाळीस वर्षे राहिली आणि शेवटपर्यंत 'आमच्या गावाला' म्हणताना हात पश्चिमेकडे, पाण्याकडे करीत राहिली.

ब्लाटेनचे लोक शेजारच्या व्हिलर, किपेल, फेर्डेन या गावांत आणि आसपास राहिले. गाव गेले त्याच दिवशी त्यांचे नगराध्यक्ष जे बोलले त्याचा मथितार्थ असा होता, की आम्ही गाव गमावले आहे, हिंमत गमावलेली नाही. पुढे दरीतच नवे ब्लाटेन वसवायचे आणि दशक संपण्याच्या सुमारास तिथे परत जायचे, असे ठरले. यावर स्वित्झर्लंडमध्ये वादही झाला. तीनशे माणसांसाठी एवढा पैसा ओतायचा का? डोंगर ढासळत असताना असल्या दऱ्यांत राहावे तरी का? प्रश्न चुकीचे नाहीत. पैसा कोणाचा आणि धोका किती, हे विचारलेच पाहिजे. परंतु हे विचारणाऱ्यांनी माझ्या आजीला एकदा भेटायला हवे होते. माणसांना वाचवणे हे अर्धेच काम आहे. ती पांगू नयेत हे उरलेले अर्धे, आणि ते अधिक अवघड. त्याला हेलिकॉप्टर लागत नाही. पण पुष्कळ वर्षांची चिकाटी लागते.

नव्या ब्लाटेनची घरे कदाचित काँक्रीटची असतील. तुळयांवर सतराशेचे साल नसेल. पण फेब्रुवारीत कोणी तरी पोरगा मुखवटा चढवील आणि एखाद्या म्हातारीला बर्फाने चोळील. तिने त्याला ओळखून शिवी हासडली, की गाव वसले असे समजायला हरकत नाही.

दिवाळीत आमच्या घरी त्या जात्यावर अजून भाजणी दळली जाते. दोन माणसे लागतात; एकट्याने ते फिरत नाही. सौ. आणि मी समोरासमोर बसतो. यंत्रावर दळून आणली तर पाच मिनिटांचे काम आहे, हे आम्हांलाही ठाऊक आहे.

मागच्या बाकावरच्या त्या मुलीला माझे उत्तर द्यायचे राहून गेले आहे. ती आता पदवी घेऊन गेली. कदाचित हा अंक तिच्या हाती पडेल. बाई ग, तुझा प्रश्न बरोबर होता, पण भाषाही बरोबर होती. घरे जागच्या जागी राहतात, बुडतात किंवा गाडली जातात. गाव घरांचे नसतेच. ते माणसांबरोबर उठते. आणि माणसे एकमेकांना धरून राहिली, तर कुठे तरी पुन्हा बसतेही.